विभागीय चौकशी सुरू आहे, मग स्थायित्वाचे काय?

परिविक्षा (उमेदवारीचा) कालावधी संपलेला आहे, सेवाप्रवेशोत्तर परीक्षा उत्तीर्ण झालेली आहे, गोपनीय अहवालांतही फारसे वावगे काही नाही, पण दरम्यानच्या काळात जोडपत्र १ ते ४, म्हणजे विभागीय चौकशीचे दोषारोपपत्र, हाती पडलेले आहे. अशा कर्मचाऱ्याच्या स्थायित्वाचा, म्हणजे त्याला सेवेत कायम करण्याचा, प्रस्ताव आस्थापना शाखेत आला की बहुतेक वेळा टिपणीच्या शेवटी एकच वाक्य लिहिले जाते: ‘विभागीय चौकशी प्रलंबित असल्याने प्रस्ताव तूर्त विचारात घेता येत नाही.’ फाईल कपाटात जाते आणि चौकशी संपेपर्यंत, काही वेळा ती संपल्यानंतरही, तिथेच राहते. शासकीय सेवेतील आस्थापनाविषयक प्रकरणे अनेक वर्षे हाताळल्यावर माझे मत असे झाले आहे की, या वाक्यातील ‘तूर्त’ योग्य असू शकते, परंतु ‘विचारात घेता येत नाही’ हे मात्र चूक आहे. प्रलंबित चौकशीमुळे स्थायित्वाचा आदेश थांबू शकतो; त्या कर्मचाऱ्याचा विचार करण्याचे प्रशासनाचे कर्तव्य थांबत नाही.

आधी स्थायित्वाचे आज नेमके मोल काय, हे पाहावे लागेल, कारण जुन्या काळातील समजुती अजून कार्यालयांत वावरत असतात. एकेकाळी स्थायी पद रिकामे असल्याशिवाय कोणालाही स्थायी करता येत नसे आणि ज्येष्ठताही स्थायित्वाच्या दिनांकावर मोजली जाई. त्यामुळे वीस-वीस वर्षे सेवा झालेली माणसे ‘अस्थायी’ राहत आणि त्यांच्यानंतर आलेले, नशिबाने लवकर स्थायी झालेले, त्यांच्या पुढे जात. महाराष्ट्रातील अभियंत्यांच्या ज्येष्ठतेच्या वादात, १९७७ च्या पटवर्धन प्रकरणात, न्यायमूर्ती यशवंतराव चंद्रचूड यांनी स्थायित्वाची गणना शासकीय सेवेतील लाजिरवाण्या अनिश्चिततांमध्ये केली, कारण ते कर्मचाऱ्याच्या कार्यक्षमतेवरही अवलंबून नसते आणि पद रिक्त असण्यावरही नसते. पुढे केंद्राच्या कार्मिक व प्रशिक्षण विभागाने २८ मार्च १९८८ च्या ज्ञापनाने (कार्यालयीन सूचनापत्राने) स्थायित्वाचा स्थायी पदाच्या उपलब्धतेशी असलेला संबंध तोडला आणि स्थायित्व सेवेत एकदाच, प्रवेशाच्या पदावर, दिले जाईल असे ठरवले. १९९० मध्ये पुन्हा महाराष्ट्रातीलच अभियंत्यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने नियमानुसार झालेल्या नियुक्तीची ज्येष्ठता नियुक्तीच्या दिनांकापासून मोजावी असा निर्वाळा दिला, आणि ४ नोव्हेंबर १९९२ च्या ज्ञापनाने केंद्राने ज्येष्ठताही स्थायित्वापासून वेगळी केली.

एवढे सगळे वजा केल्यावर जे उरते ते थोडे असले तरी महत्त्वाचे आहे. पदावरील धारणाधिकार, म्हणजे त्या पदावर परतण्याचा हक्क, स्थायी कर्मचाऱ्यालाच मिळतो, आणि दुसऱ्या सेवेत जाऊन परत येण्याची वाट त्यावर अवलंबून असते. त्याहून मोठी गोष्ट संरक्षणाची. परिविक्षाधीन कर्मचाऱ्याची सेवा तो पदास योग्य नाही एवढ्या कारणावरून, नियुक्तीच्या अटींनुसार, साध्या आदेशाने संपवता येते. केंद्राच्या १९६५ च्या वर्गीकरण, नियंत्रण व अपील नियमांतील नियम ११ च्या स्पष्टीकरणात अशी सेवासमाप्ती ही शिक्षा मानलेलीच नाही. स्थायी झालेल्या कर्मचाऱ्याला मात्र गैरवर्तणुकीवरून काढायचे असेल तर संविधानाच्या अनुच्छेद ३११ (२) मधील चौकशी आणि बाजू मांडण्याची संधी या मार्गानेच जावे लागते. म्हणून ज्याच्यावर चौकशी सुरू आहे त्याच्यासाठी स्थायित्वाचा आदेश हा केवळ सेवापुस्तकातील एक नोंद नसतो. आपल्याला कोणत्या वाटेने काढता येईल, हे त्यावर ठरत असते. प्रशासनालाही हे ठाऊक असते, आणि प्रस्ताव लांबवण्यामागे पुष्कळदा हेच न बोललेले कारण असते.

आता ‘प्रलंबित’ म्हणजे काय, याकडे वळू. येथे सर्वाधिक गोंधळ होतो. निनावी अर्ज आला, वरिष्ठांनी खुलासा मागवला, प्राथमिक चौकशीसाठी कोणाची तरी नेमणूक झाली, दक्षता शाखेने कागद मागवले, अशा कोणत्याही टप्प्याला कार्यालये सरसकट ‘चौकशी चालू’ म्हणून मोकळी होतात. कायद्याची भूमिका वेगळी आहे. २७ ऑगस्ट १९९१ च्या जानकीरामन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, विभागीय कार्यवाही सुरू झाली असे म्हणण्यासाठी कर्मचाऱ्यावर दोषारोपाचे ज्ञापन बजावलेले असले पाहिजे, किंवा फौजदारी प्रकरणात न्यायालयापुढे दोषारोपपत्र दाखल झालेले असले पाहिजे. त्यापूर्वीची प्राथमिक चौकशी कितीही गंभीर असली तरी तिच्या आधारे मोहोरबंद पाकिटाची पद्धत, म्हणजे समितीचा निष्कर्ष पाकिटात बंद करून कार्यवाही संपेपर्यंत राखून ठेवणे, वापरता येत नाही. प्राधिकाऱ्यांना आरोप खरोखर गंभीर वाटत असतील तर निलंबनाचा अधिकार त्यांच्याकडे असतोच, असेही न्यायालयाने सांगितले. या निकालानंतर १४ सप्टेंबर १९९२ रोजी केंद्राने जे ज्ञापन काढले त्यात तीनच परिस्थिती नमूद आहेत: कर्मचारी निलंबित असणे, दोषारोपपत्र बजावून शिस्तभंगाची कार्यवाही प्रलंबित असणे, आणि फौजदारी आरोपावरून खटला प्रलंबित असणे.

लाचलुचपत प्रतिबंधक विभागाच्या सापळ्याची प्रकरणे या हिशोबात आपोआप पहिल्या परिस्थितीत बसतात, कारण ४८ तासांहून अधिक काळ कोठडीत राहिलेला कर्मचारी केंद्राच्या नियम १० नुसार, तसेच महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ मधील नियम ४ नुसार, निलंबित झाल्याचे मानले जाते. वाद होतो तो मधल्या प्रकरणांत. स्थायित्वाच्या प्रस्तावासोबत जे प्रमाणपत्र जोडावे लागते त्यात विभागीय चौकशी ‘सुरू अथवा प्रस्तावित नाही’ असे लिहून मागण्याची प्रथा आहे, आणि ‘प्रस्तावित’ या एका शब्दात वर सांगितलेली सगळी शिस्त वाहून जाते. चौकशी कोणाच्या तरी मनात प्रस्तावित आहे म्हणून एखाद्याचे स्थायित्व दोन वर्षे रोखून धरण्याला जानकीरामन निकालात आधार नाही. ज्या दिवशी प्रस्ताव विचारार्थ येतो त्या दिवशी दोषारोपपत्र बजावलेले आहे की नाही, एवढेच पाहायचे असते. नसेल, तर गुणवत्तेवर निर्णय घ्यायचा.

१९९२ च्या या ज्ञापनाची चर्चा नेहमी पदोन्नतीच्या संदर्भात होते, त्यामुळे त्यातील एक छोटा परिच्छेद बहुतेकांच्या नजरेतून निसटतो. निलंबित किंवा चौकशीखालील अधिकाऱ्याच्या स्थायित्वाचा विचार करतानाही हीच पद्धत अनुसरावी, आणि त्याचे प्रकरण मोहोरबंद पाकिटात ठेवल्यावर त्याच्यासाठी एक स्थायी पद राखून ठेवावे, असे त्यात म्हटले आहे. (चार वर्षांपूर्वीच स्थायित्व आणि स्थायी पद यांची फारकत झालेली असताना हे पद राखून ठेवण्याचे वाक्य तिथे राहिले आहे. जुन्या परिपत्रकातला मजकूर नव्यात उतरवून घेण्याची सवय केवळ तालुक्याच्या कचेरीत असते असे नाही, याचे हे समाधानकारक उदाहरण.) मूळ तत्त्व मात्र त्यामुळे बदलत नाही. असे प्रस्ताव पाहणाऱ्या विभागीय समितीने बैठकीत त्या कर्मचाऱ्याचा विचार केलाच पाहिजे. प्रलंबित प्रकरण धरून नव्हे, तर ते बाजूला ठेवून, तो योग्य आहे की नाही याचे मूल्यमापन करायचे, निष्कर्ष पाकिटात घालून मोहोर लावायची आणि कार्यवाही संपेपर्यंत ते उघडायचे नाही. दर सहा महिन्यांनी प्रकरण कुठवर आले याचा आढावा घ्यायचा, हेही त्याच ज्ञापनात आहे. प्रत्यक्षात हा सहामाही आढावा किती ठिकाणी होतो, याविषयी ज्यांनी आस्थापना शाखेत काम केले आहे त्यांना मी वेगळे सांगायला नको.

मोहोरबंद पाकिटाची पद्धत स्थायित्वाला जशीच्या तशी नीट बसत नाही, असे मला वाटते. पदोन्नतीत अनेकांमधून निवड असते. एकाचे नाव पाकिटात गेले तरी इतरांची पदोन्नती होते, आणि तो निर्दोष सुटला तर त्याच्या कनिष्ठाला ज्या दिवशी पदोन्नती मिळाली तो दिनांक मोजपट्टी म्हणून हाताशी असतो. स्थायित्वात तुलना नसते. प्रश्न एकाच माणसाचा असतो आणि तो असा की, नेमणूक करताना आपण जी परीक्षा लावली होती तीत हा उतरला का. आरोप परिविक्षेच्या काळातील वर्तनाचा असेल तर तो आरोप आणि ही योग्यता यांना वेगळे काढताच येत नाही. कार्यालयात बनावट प्रवासभत्ता देयके सादर केल्याचा आरोप असलेल्या परिविक्षाधीन लिपिकाचे ‘इतर सर्व दृष्टींनी समाधानकारक’ असे मूल्यमापन करून ते पाकिटात घालणे म्हणजे मुख्य प्रश्न सोडून उरलेल्यांची उत्तरे लिहिणे आहे. याउलट आरोप आधीच्या सेवेतील असेल, किंवा सामूहिक जबाबदारीच्या प्रकरणात दहा जणांबरोबर याचेही नाव आलेले असेल, तेव्हा परिविक्षेतील कामगिरीचे मूल्यमापन त्याच दिवशी करून ठेवण्याला मोठा अर्थ असतो. पाच वर्षांनी चौकशी संपेल तेव्हा त्याचे तत्कालीन वरिष्ठ निवृत्त झालेले असतील, आणि तो त्या दोन वर्षांत कसे काम करत होता हे सांगणारे कोणी उरणार नाही. म्हणून पाकीट हे केवळ निर्णय झाकण्याचे साधन नाही. ते त्या दिवसाचा पुरावा जपून ठेवते. प्रस्तावच परत पाठवणारी कार्यालये हा पुरावा नष्ट करतात आणि त्याचा तोटा पुढे कर्मचाऱ्याला होतो.

कर्मचाऱ्यांच्या बाजूनेही एक गैरसमज घट्ट आहे. परिविक्षेची दोन वर्षे संपली, कोणी मुदत वाढवली नाही, कोणी काढलेही नाही, म्हणजे आपण आपोआप स्थायी झालो, असे अनेकांना वाटते. सर्वसाधारण नियम याच्या उलट आहे. १९६२ च्या सुखबंस सिंग प्रकरणापासून न्यायालयाने हेच सांगितले आहे की मुदत संपल्यावरही सेवेत ठेवले तर कर्मचारी परिविक्षाधीन म्हणूनच चालू राहतो, आणि स्थायित्वासाठी आदेश लागतो. परंतु १९६८ च्या धरम सिंग प्रकरणात घटनापीठाने एक महत्त्वाचा अपवाद दाखवला: सेवानियमांनी परिविक्षेची कमाल मर्यादा ठरवून दिली असेल, त्यापलीकडे वाढवण्याचा अधिकारच ठेवला नसेल, आणि तरीही कर्मचाऱ्याला पुढे काम करू दिले असेल, तर तो स्थायी झाला असा अर्थ निघतो. पुढे २००१ च्या सत्यनारायण झवर प्रकरणात न्यायालयाने या विषयावरील निकालांचे तीन प्रवाह वेगळे करून दाखवले. ज्या नियमांत कमाल मर्यादा नाही, ज्यांत ती आहे, आणि ज्यांत मर्यादा असूनही स्थायित्वासाठी परीक्षा उत्तीर्ण होणे किंवा समाधानकारक कामाबद्दल आदेश निघणे अशी स्वतंत्र अट आहे, असे ते तीन प्रवाह. बहुतेक कर्मचारी तिसऱ्या प्रवाहात मोडतात आणि त्यांना आपोआप स्थायित्व मिळत नाही. आपण कोणत्या प्रवाहात आहोत हे आपल्याच सेवाप्रवेश नियमांवरून आणि नियुक्ती आदेशातील अटींवरून कळते. शेजारच्या खात्यातील मित्राला मिळालेल्या निकालावरून ते कळत नाही. महाराष्ट्रातील खाजगी शाळांच्या कर्मचाऱ्यांना लागू असलेल्या १९७७ च्या अधिनियमाच्या कलम ५ मध्ये तर परिविक्षा पूर्ण होताच कर्मचारी स्थायी मानला जाईल असे कायद्यानेच लिहून ठेवले आहे, आणि तेथील मुख्याध्यापकांचा अनुभव तहसील कार्यालयातील लिपिकाला लागू होत नाही.

केंद्राच्या सूचनांत प्रशासनासाठीही वेळेचे बंधन आहे. परिविक्षा संपल्यावर सहा ते आठ आठवड्यांत स्थायित्वाचा किंवा मुदतवाढीचा निर्णय घ्यावा, मुदतवाढ दिल्यास कारणांसह लेखी कळवावी, आणि कोणालाही मूळ मुदतीच्या दुपटीहून अधिक काळ परिविक्षेवर ठेवू नये, असे त्यांत म्हटले आहे. चौकशी मात्र याच दुप्पट मुदतीत संपेल याची शाश्वती नसते, आणि येथेच प्रशासनाची कोंडी होते. मुदत संपत आली, चौकशी अर्धवट आहे, स्थायी करायचे तर धाडस नाही, मुदत वाढवायची तर मर्यादा आली. अशा वेळी कोणाला तरी सोपी वाट सुचते: परिविक्षाधीनच आहे, तर चौकशी सोडून द्या आणि एक महिन्याची नोटीस देऊन सेवा संपवा.

ही वाट सोपी दिसते तेवढीच निसरडी आहे. १९५७ च्या नोव्हेंबरमध्ये दिलेल्या पुरुषोत्तम लाल धिंग्रा निकालापासून सर्वोच्च न्यायालय हे सांगत आले आहे की, आदेशाचे रूप नव्हे तर त्याचे स्वरूप पाहिले जाईल. परिविक्षाधीन कर्मचारी पदास योग्य आहे का, हे ठरवण्यासाठी चौकशी केली म्हणून ती सेवासमाप्ती आपोआप शिक्षा ठरत नाही. १९६१ च्या राम नारायण दास प्रकरणात एका परिविक्षाधीन पोलीस उपनिरीक्षकाच्या बाबतीत हेच म्हटले गेले. पण एखाद्या ठरावीक गैरकृत्याचा निष्कर्ष काढून, त्याच निष्कर्षाच्या पायावर आणि बाजू मांडण्याची संधी न देता काढून टाकले, तर आदेशातील भाषा कितीही निरागस असली तरी ती शिक्षाच होते. १९७४ च्या शमशेर सिंग प्रकरणात सात न्यायमूर्तींच्या पीठाने दोन परिविक्षाधीन न्यायिक अधिकाऱ्यांच्या बाबतीत या प्रश्नाचा विचार केला. दहा वर्षांनी अनुप जयस्वाल प्रकरणात भारतीय पोलीस सेवेतील एका परिविक्षाधीन अधिकाऱ्याची सेवासमाप्ती न्यायालयाने रद्द केली. हैदराबादच्या अकादमीत सकाळच्या व्यायामाला अनेक जण उशिरा पोहोचले होते आणि हा अधिकारी त्यांचा म्होरक्या होता असा समज त्या आदेशामागे होता. आदेशात त्यातले काहीच लिहिलेले नव्हते. न्यायालयाने पडदा बाजूला सारून मागचे कागद पाहिले.

१९९९ च्या दीप्ती प्रकाश बॅनर्जी प्रकरणाने यात आणखी एक धडा घातला. तेथील आदेशात कलंक लावणारे शब्द उघड नव्हते, परंतु आदेशाने ज्या आधीच्या पत्रांचा उल्लेख केला होता त्यांत ते होते, आणि तेवढ्यावरून आदेश टिकला नाही. आस्थापना शाखेतील मसुदा लिहिणाऱ्यांनी हा निकाल वाचलेला असावा असे मला फार वाटते, कारण ‘संदर्भ’ या शीर्षकाखाली सात-आठ पत्रांचे क्रमांक लिहिण्याची आपली सवय नेमकी येथे अंगाशी येते. थोडक्यात, असमाधानकारक काम हे कारण खरे असेल तर ते परिविक्षेच्या काळातच, लेखी सूचना आणि सुधारण्याची संधी देऊन, नोंदवून ठेवलेले असले पाहिजे. दोषारोपपत्र बजावल्यानंतर, चौकशी अधिकारी आणि (प्रशासनाची बाजू मांडणारा) सादरकर्ता अधिकारी नेमल्यानंतर, साक्षीदार फुटू लागल्यावर अचानक ‘काम समाधानकारक नाही’ असे आठवले, तर न्यायाधिकरणापुढे तो आदेश वाचवणे अवघड जाते. ज्याने शिस्तभंगाची वाट धरली त्याने ती शेवटपर्यंत चालावी.

शेवटपर्यंत चालल्यावर काय होते, यावर परिपत्रके पदोन्नतीच्या बाबतीत बोलकी आणि स्थायित्वाच्या बाबतीत बरीच मितभाषी आहेत. पूर्ण निर्दोष सुटका झाली तर प्रश्न नाही. पाकीट उघडावे आणि निष्कर्ष अनुकूल असल्यास ज्या दिनांकाला एरवी स्थायी केले असते त्या दिनांकापासून स्थायी करावे. सेवेतून काढून टाकण्याची शिक्षा झाली तर स्थायित्वाचा प्रश्न उरतच नाही, अपिलाचा उरतो. कठीण आहे ते मधले सगळे. समजा ठपका ठेवण्याची किंवा एक वेतनवाढ रोखण्याची किरकोळ शिक्षा झाली. पदोन्नतीचा नियम लावला तर पाकिटातील निष्कर्षावर कार्यवाही करायची नाही आणि पुढच्या समितीने, शिक्षा लक्षात घेऊन, नव्याने विचार करायचा. हा नियम स्थायित्वाला यांत्रिकपणे लावला की माणूस शिक्षाही भोगतो आणि दोन वर्षांची परिविक्षा चार वर्षांची होऊन बसते, म्हणजे एका चुकीबद्दल दोन परिणाम. माझ्या मते शिक्षा देणाऱ्या प्राधिकाऱ्याने किरकोळ शिक्षा पुरेशी मानली, याचाच अर्थ हा कर्मचारी सेवेत राहण्यास योग्य आहे असे त्याने ठरवले. मग स्थायित्व देणाऱ्या प्राधिकाऱ्याने, जो बहुधा तोच अधिकारी असतो, नेमके उलट ठरवायचे असेल तर त्याची स्वतंत्र कारणे फाईलवर दिसली पाहिजेत. स्थायित्वाचा दिनांक थोडा पुढे नेणे समजू शकते. स्थायित्वच नाकारणे समजण्यासाठी बरेच काही दाखवावे लागेल.

एक प्रकार वेगळा आहे, तो म्हणजे नेमणुकीच्या वेळी साक्षांकन नमुन्यात (चारित्र्य पडताळणीसाठी भरून घेतलेल्या माहितीपत्रकात) फौजदारी प्रकरणाची माहिती लपवल्याचा. २०१६ च्या अवतार सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने यासंबंधीची तत्त्वे एकत्र केली. गुन्ह्याचे गांभीर्य, पदाचे स्वरूप आणि माहिती किती नेमकेपणाने विचारली होती, हे सगळे पाहून निर्णय घ्यायचा. आणि कर्मचारी स्थायी झालेला असेल तर काढण्यापूर्वी विभागीय चौकशी आवश्यक आहे, असे त्यात म्हटले आहे. चारित्र्य पडताळणीचा अहवाल पोलिसांकडून उशिरा येतो, तोपर्यंत परिविक्षा संपत आलेली असते, आणि म्हणून स्थायित्वाच्या आधी की नंतर हा फरक या प्रकरणांत निर्णायक ठरतो.

विलंबाविषयी थोडे सविस्तर लिहायला हवे, कारण चौकशी वेळेत संपली असती तर वरचे निम्मे प्रश्न उद्भवलेच नसते. २०१५ च्या प्रेमनाथ बाली प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने विभागीय चौकशी शक्यतो सहा महिन्यांत आणि अपरिहार्य कारण असल्यास कमाल एक वर्षात पूर्ण करावी असे सांगितले. त्याच वर्षी अजय कुमार चौधरी प्रकरणात दोषारोपपत्राविना निलंबन तीन महिन्यांपलीकडे नेऊ नये असे म्हटले. २०१७ मध्ये केंद्राने आपल्या नियम १४ मध्येच सहा महिन्यांची मुदत घातली, मुदतवाढीची सोय ठेवून. या मुदती ओलांडल्या म्हणून चौकशी आपोआप रद्द होत नाही, हे अनेकदा विसरले जाते. तरीही स्थायित्व रोखून धरण्याचे समर्थन चौकशीच्या नावावर किती काळ करता येईल, हे ठरवताना त्या कामी येतात. विलंब नेहमी प्रशासनाचाच असतो असे मात्र नाही. प्रत्येक तारखेला नवा कागद मागणारे, बचाव सहायक बदलत राहणारे आणि वैद्यकीय प्रमाणपत्रांवर वर्ष काढणारे अपचारीही (ज्यांच्यावर आरोप आहेत असे कर्मचारीही) मी पुष्कळ पाहिले आहेत. त्यांनी नंतर विलंबाची तक्रार केली की चौकशीचा रोजनामा काढून दाखवावा लागतो, आणि तो बहुधा पुरेसा बोलका असतो.

ज्याच्यावर ही वेळ आली आहे त्याने पहिली गोष्ट करावी ती म्हणजे आपले सेवाप्रवेश नियम आणि नियुक्ती आदेश समोर ठेवून परिविक्षेची मुदत, मुदतवाढीची मर्यादा आणि स्थायित्वाच्या अटी तपासणे. त्यानंतर नियुक्ती प्राधिकाऱ्याला एक साधे, आरोपांच्या गुणावगुणांत न शिरणारे निवेदन द्यावे. परिविक्षा अमुक दिनांकास पूर्ण झाली, अटींची पूर्तता झाली, तेव्हा स्थायित्वाच्या प्रस्तावावर समितीने विचार केला आहे का, केला असल्यास निष्कर्ष मोहोरबंद ठेवला आहे का, आणि परिविक्षा वाढवली असल्यास तिचा कारणांसह आदेश द्यावा, एवढेच त्यात विचारावे. दोषारोपपत्र प्रस्तावाच्या दिनांकानंतर बजावले गेले असेल तर तो दिनांक ठळकपणे लिहावा, परंतु त्यावर फार विसंबू नये: पदोन्नतीच्या बाबतीत समितीची शिफारस झाल्यानंतर पण प्रत्यक्ष आदेशापूर्वी दोषारोपपत्र आले तरी शिफारस मोहोरबंद मानावी अशी तरतूद त्याच १९९२ च्या ज्ञापनात आहे, आणि स्थायित्वालाही तीच पद्धत लावायची असल्याने प्रशासन तिच्यावर बोट ठेवेल. पाकिटात काय आहे ते माहितीच्या अधिकारात मागण्याचा खटाटोप करू नये. पाकीट आहे की नाही, हे कळणे पुरेसे असते.

निवेदनाची पोच जपून ठेवावी, कारण १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियमानुसार मुदत तिच्यावरून मोजली जाऊ शकते. नियमांनी दिलेला उपाय आधी वापरावा लागतो. अपील किंवा निवेदनावर सहा महिन्यांत उत्तर आले नाही तर त्या सहा महिन्यांनंतर एक वर्षात न्यायाधिकरणाकडे जाता येते, आणि अंतिम आदेश मिळाला असेल तर त्या दिनांकापासून एक वर्षात. राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी हे न्यायाधिकरण म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण (मॅट), ज्याचे मुख्य पीठ मुंबईला असून नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर येथे खंडपीठे आहेत. तेथे ‘मला स्थायी करा’ अशी थेट मागणी घेऊन जाण्यापेक्षा ‘माझ्या स्थायित्वाचा विचार करून निर्णय कळवा आणि चौकशी ठरावीक मुदतीत संपवा’ ही मागणी अधिक टिकते, कारण योग्यतेचा निर्णय नियुक्ती प्राधिकाऱ्याचा असतो आणि न्यायाधिकरण तो सहसा स्वतः घेत नाही. पुन्हा पुन्हा तीच निवेदने पाठवून मुदत वाढत नाही. पहिल्या निवेदनाला उत्तर आले नाही म्हणून दुसरे, मग तिसरे, असे करत दोन वर्षे घालवणाऱ्याला मूळ अर्जाआधी विलंब माफीचा अर्ज लिहावा लागतो, आणि पहिला युक्तिवाद त्याच्यावर खर्च होतो.